नॅटच्या कॉकपिटचा सेट लावतोय, सल्लागार ७१ च्या युद्धातले वैमानिक: त्यांच्याकडून काय काय तपासून घ्यावं?

कासारवडवली_कॅमेरा

नमस्कार मंडळी. पंचवीसेक मिनिटांचा लघुपट करतोय. विषय २२ नोव्हेंबर १९७१ ची, बंगालच्या सीमेवरच्या बॉयराची हवाई लढत: आपली चार नॅट लढाऊ विमानं आणि समोर पाकिस्तानी सेबर. घोडबंदर रोडला एक गाळा भाड्याने घेतलाय, त्यात कॉकपिटचा सेट उभा राहतोय. आकाशातलं बाकी सगळं व्हीएफएक्स.

सल्लागार म्हणून एक निवृत्त विंग कमांडर लाभलेत. ७१ मध्ये प्रत्यक्ष लढलेले, पण नॅटवर नाही, हंटर विमानावर. वय ७८. "संहिता पाठवा, बघतो" म्हणालेत. आता प्रश्न असे:

त्यांना कोणत्या टप्प्यावर गाठायचं, संहितेला की थेट सेटवर? वेल्डर म्हणतो कॉकपिट हायड्रॉलिकवर घेऊ, ४५ अंश कलेल. खर्च बराच आहे, करावा का? दिग्दर्शकाला नायकाचा चेहरा दिसायला हवा, त्यामुळे ऑक्सिजन मास्क एका बाजूला लोंबता ठेवायचाय, चालेल का? आणि खालच्या जमिनीची दृश्यं ड्रोनने इथेच, खाडीच्या बाजूला घेतली तर?

रेडिओ_गप्प

संहितेला. सेटवर फक्त बोलावलंत तर ते चुका दाखवतील आणि तुम्ही "आता काय करणार" म्हणून पुढे जाल. तोवर पैसे खर्च झालेले असतात. त्यांच्या खऱ्या उपयोगाचे टप्पे तीन: संहिता, कलाकारांची तालीम आणि पहिलं कच्चं संकलन. शूटिंगच्या दिवशी दोन-तीन तास पुरे, तेही फक्त कॉकपिटमधल्या दृश्यांना. ७८ वर्षांच्या माणसाला घोडबंदरच्या ट्रॅफिकमधून सकाळी सहाला आणून पत्र्याच्या गाळ्यात दिवसभर बसवू नका. मॉनिटरची फीड घरी पोचवता येत असेल तर उत्तमच.

दुसरं, हंटरवाल्याला नॅटच्या स्विचांचं विचारू नका. लढतीची शिस्त, रेडिओवरचं बोलणं, वैमानिक मान कशी वळवतो, कंट्रोलर कसा बोलतो, हे सगळं ते चोख सांगतील. पण नॅटच्या पॅनेलवर कुठलं घड्याळ कुठे, हे आठवणीतून नको. त्यासाठी दिल्लीच्या पालम संग्रहालयातल्या नॅटचे फोटो घ्या.

संहितेत त्यांच्याकडून आधी हे बघून घ्या.

हुद्दे. त्या दिवशी चौघांचा म्होरक्या फ्लाइट लेफ्टनंट रॉय मॅसी होता. गणपती फ्लाइट लेफ्टनंट, लाझारस आणि सोआरेझ फ्लाइंग ऑफिसर. सिनेमावाले म्होरक्याला हमखास विंग कमांडर करतात आणि वयाने चाळिशीचा नट घेतात. ही विशी-पंचविशीतली पोरं होती. जमिनीवरून रडारवर त्यांना वाट दाखवणारा फायटर कंट्रोलर बागची, तोही फ्लाइंग ऑफिसरच. त्याला पडद्यावर जागा द्या, निम्मी लढत त्याच्या आवाजावर चालली होती.

तारीख. युद्ध अधिकृतपणे ३ डिसेंबरला सुरू झालं. ही लढत त्याच्या अकरा दिवस आधीची. म्हणजे "युद्ध पुकारलं गेलंय" छापाचा एकही संवाद नको.

निकाल. आपल्याकडे तीन सेबर पाडल्याची नोंद, पाकिस्तानच्या हिशेबात दोन गेली आणि तिसरं जखमी होऊन परतलं. पाडलेल्यांतले दोन वैमानिक पॅराशूटने उतरले आणि पकडले गेले. त्यातले एक परवेझ मेहदी कुरेशी, पुढे त्यांच्या हवाई दलाचे प्रमुख झाले. तिसरं विमान पडद्यावर धूर सोडत ढगाआड जाताना दाखवा, म्हणजे दोन्ही बाजूंचं खरं ठरतं.

सॅल्यूट. हा सापळा सगळ्यांना चकवतो. आजचा हवाई दलाचा सॅल्यूट, तळवा जमिनीशी ४५ अंशात, हा २००६ पासूनचा. ७१ मध्ये पूर्ण उघडा तळवा समोर. शिवाय डोक्यावर टोपी नसेल तर सॅल्यूट नाही, त्यामुळे हेल्मेट काखेत मारून कडक सॅल्यूट ठोकणारा नायक बाद. ब्रिटनच्या हवाई लढाईवरच्या १९६९ च्या चित्रपटाला जर्मन बाजूचे सल्लागार अॅडॉल्फ गॅलंड होते, दुसऱ्या महायुद्धातले नामवंत जर्मन वैमानिक. पडद्यावरच्या केसेलरिंगने, म्हणजे जर्मन सेनापतीच्या पात्राने, लष्करी सॅल्यूटऐवजी नाझी सलामी दिलेली पाहून ते सेटवरून उठून गेले होते. सल्लागार रुसण्याचं सगळ्यात सामान्य कारण विमान नसतं, अशी एखादी गोष्ट असते.

रेडिओ. "ओव्हर अँड आउट" एकत्र कुठेही नको. ओव्हर म्हणजे उत्तराची वाट बघतोय, आउट म्हणजे बोलणं संपलं. लढतीत दोन्ही कुणी म्हणत बसत नाही. बोगी म्हणजे अनोळखी विमान, बँडिट म्हणजे शत्रू हे नक्की झालेलं. एंजल्स म्हणजे हजार फुटांतली उंची, बस्टर म्हणजे पूर्ण वेग. बारा वाजता म्हणजे नाकासमोर, सहा वाजता म्हणजे शेपटामागे. "फॉक्स टू" मुळीच नको, ती क्षेपणास्त्राची हाक आणि नॅटवर क्षेपणास्त्रच नव्हतं. गणपतीने शिकार लागल्याची खूण म्हणून "मर्डर, मर्डर, मर्डर" म्हटलं होतं, ते जसंच्या तसं ठेवा. हवेतलं बोलणं इंग्रजीतच ठेवा, खाली मराठी अक्षरं द्या. मराठीतून वेक्टर, म्हणजे उडायची दिशा, देणारा कंट्रोलर कानाला खटकतो.

सुतारपक्षी

हायड्रॉलिकचे पैसे वाचवा. खर्चाचा मुद्दा बाजूला ठेवला तरी ते दिसायलाच चूक आहे.

विमान नीट वळतं तेव्हा भार बाजूला जात नाही, वैमानिकाच्या पाठीच्या कण्यातून सरळ खाली सीटमध्ये जातो. दुधाची बरणी हातात धरून गोल फिरवली तर दूध सांडत नाही, तसंच. म्हणून ६० अंश कललेल्या विमानात नकाशा, मास्कची नळी, सैल पट्टा, सगळं सीटच्या दिशेनेच राहतं. तुम्ही सेट ४५ अंश कलवलात की नटाची मान, नळी, पट्टे सगळं खरोखरच्या जमिनीकडे झुकणार. प्रेक्षकाला कारण कळत नाही, पण बस वळणावर गेल्यासारखं दिसतं.

सेट सरळ ठेवा आणि जग फिरवा. क्षितिज पार्श्वभूमीत फिरेल, कॅमेरा थोडा रोल होईल, आणि मुख्य म्हणजे सूर्य फिरेल. एक कडक दिवा लांब बूमवर घ्या आणि दोन माणसांकरवी हूडवरून (कॉकपिटच्या पारदर्शक झाकणावरून) अर्धवर्तुळात फिरवा. हूडच्या फ्रेमची सावली छातीवरून मांडीवर सरकली की वळण लगेच पटतं. सेटला हालचाल हवी ती फक्त थरथर. जोरात वळताना पंखांवरची हवा फाटायला लागते आणि विमान बारीक हादरतं. त्यासाठी प्लॅटफॉर्मखाली रबराचे ठोकळे आणि बाजूने एक माणूस तुळईवर तळव्याने मारणारा, एवढं पुरतं. नाकाच्या वर-खाली होण्यासाठी ५-७ अंशांचा झुकाव हवा असेल तर मध्ये एक आडवा पाइप आणि मागे लांब दांडा.

सांगाडा १८ मिमी प्लायचा, बाजू सुट्या करा. डावी भिंत, उजवी भिंत आणि पुढचा पॅनेल तीन वेगळे तुकडे, बोल्टने जोडलेले, म्हणजे कॅमेरा कुठूनही आत शिरेल. मापात मात्र उदार होऊ नका. नॅट इवलंसं विमान, पंखांचा विस्तार पावणेसात मीटरच्या आसपास, लांबी पावणेनऊ. खांदे दोन्ही भिंतींना जवळजवळ टेकायला हवेत. ऐसपैस कॉकपिट दिसला की नॅट गेलं.

पर्स्पेक्सचं हूड आहे तसं लावाल तर आख्खा गाळा त्यात दिसेल. समोरचा भाग काढून शूट करा, प्रतिबिंब नंतर घाला. हिरव्या पडद्याची झाक व्हायझरवर आणि पर्स्पेक्सवर बसते आणि ती काढताना व्हीएफएक्सवाला तुमच्या नावाने बोटं मोडतो. आकाशच दाखवायचं आहे, तर मागे पांढरा किंवा फिकट निळा कापडी पडदा लावून तो दिव्यांनी सरळ उजळवा.

उजेडाचं एक गणित देतो. लढत दुपारी ३ च्या सुमाराची. नोव्हेंबरअखेर, इतकं पूर्वेला, त्या वेळी सूर्य नैऋत्येला जेमतेम २१ अंशांवर असतो. दुपार म्हणून दिवा डोक्यावर लावू नका. ठाण्यात तसाच उजेड नोव्हेंबरात चारच्या सुमाराला मिळतो. धावपट्टीवरची बाहेरची दृश्यं त्या अर्ध्या तासात उरका.

नेरूळची_मृणाल

संकलनाच्या बाजूने थोडं.

नॅटच्या दोन्ही तोफा ३० मिमी एडन, हवा आत घेणाऱ्या तोंडांच्या कडेला एकेक. प्रत्येकीला ११५ गोळे. मिनिटाला १२०० चा वेग धरला तर सेकंदाला २०, म्हणजे सगळा दारूगोळा पावणेसहा सेकंदांत संपतो. आख्ख्या लढतीत नायकाकडे तेवढेच सेकंद आहेत. अर्धा सेकंद, एक सेकंद असे तुकडे करा आणि कुणाला तरी कागदावर बेरीज ठेवायला सांगा. तोफ अडकणं हा तर नॅटचा १९६५ पासूनचा कुप्रसिद्ध दोष, नाट्य हवं असेल तर ते तिथे फुकट मिळतंय.

वळणाचा वेळ. ४०० नॉट वेगाने ५ जी मध्ये (म्हणजे स्वतःच्या वजनाच्या पाचपट भार अंगावर घेत) पूर्ण चक्कर मारायला साधारण २७ सेकंद लागतात आणि वर्तुळाची त्रिज्या ९०० मीटरच्या आसपास येते. व्हीएफएक्सची पोरं तेच चार सेकंदांत आटपतात, मग विमान खेळण्यातलं दिसतं. तसंच अंतराचं. ३०० मीटरवरचं सेबर, ११ मीटरचे पंख, जेमतेम २ अंश जागा व्यापतं. सुपर ३५ सेन्सरच्या कॅमेऱ्यात ५० मिमी लेन्सवर ते फ्रेमच्या रुंदीच्या बाराव्या-तेराव्या हिश्श्याएवढं येईल. दिग्दर्शक "जवळ घ्या" म्हणणारच. तेव्हा विमानं जवळ आणू नका, लेन्स लांब करा, किंवा तोफेच्या कॅमेऱ्याचं दृश्य करा. काळंपांढरं, दाणेदार, थरथरतं. त्या काळच्या खऱ्या फिल्म तशाच आहेत.

आपली चार विमानं पंखाला पंख लावून नेऊ नका, ती परेडची रचना. लढतीला जाताना दोन जोड्या, जोडीत शेकडो यार्डांचं अंतर, एकाने मारायचं आणि दुसऱ्याने त्याची पाठ राखायची.

आवाज. कॉकपिटमध्ये शत्रूचं विमान ऐकू येत नाही, स्फोटही नाही. स्वतःच्या इंजिनाची दबकी घरघर, मास्कमधला श्वास, झडपेची टिकटिक आणि रेडिओ, बस. रेडिओला ३०० हर्ट्झच्या खालचं आणि ३ हजारांच्या वरचं कापून टाका, मग जोरदार कॉम्प्रेस करा. आणि एक गंमत: दोघं एकाच वेळी बोलले तर दोघंही स्पष्ट ऐकू येत नाहीत, शिट्टीसारखा आवाज येऊन दोघांचंही बोलणं चिरडतं. गोंधळ दाखवायला याहून स्वस्त युक्ती नाही.

विकत मिळणाऱ्या दृश्यांपासून सावध. "नॅट" म्हणून जी लाल रंगाची सुंदर दृश्यं मिळतात ती बहुतेक ब्रिटिश प्रशिक्षण विमानाची, दोन सीटवालं, मोठ्या पंखाचं. आणि सेबर म्हणून कुणी मिग-१५ खपवलं तर शेपूट बघा: आडवी शेपटी उभ्या शेपटीच्या मध्यावर असेल तर मिग, धडावर असेल तर सेबर. व्हीएफएक्सवाल्याला आपल्या विमानांवरच्या तिरंगी गोलाचा रंगक्रमही लिहून द्या: आत हिरवा, मग पांढरा, बाहेर केशरी. उलटा रंगवलेला गोल कितीदा तरी दिसतो.

टेक_टू

मास्कबद्दल माझं मत वेगळं. सगळं खरं ठेवलं तर नट कोण हेच कळणार नाही. चढाईच्या आधी, परतीच्या वाटेवर मास्क काढू द्या की. सिनेमा आहे, प्रशिक्षणाची फिल्म नाही.

रेडिओ_गप्प

परतीच्या वाटेवर, खालच्या उंचीवर, कुणाशी बोलत नसताना, हरकत नाही. पण मायक्रोफोन मास्कच्या आत असतो. मास्क लोंबतोय आणि नायक रेडिओवर बोलतोय, हे होणं शक्य नाही. बोलताना बहुतेक लढाऊ विमानांत डाव्या हाताच्या थ्रॉटलवरचं बटण दाबावं लागतं, तेही नटाला शिकवा. उजवा हात स्टिकवर आणि त्याची हालचाल अगदी थोडी, मनगटाची. गाडीचं स्टिअरिंग फिरवल्यासारखं करायचं नाही.

चेहऱ्याची अडचण डोळ्यांनी सोडवा. गडद व्हायझर वर, मास्क घट्ट, डोळे आणि भुवया मोकळ्या. चौघांच्या हेल्मेटवर वेगवेगळी खूण करायचा मोह होईल, पण तो आवरा. आवाज वेगळे निवडा आणि प्रत्येकाच्या कॉकपिटवर ऊन वेगळ्या बाजूने पाडा.

जी चा अभिनय तालमीत सल्लागारांकडून बसवून घ्या. नुसते दात-ओठ खाऊन भागत नाही. पोटऱ्या, मांड्या, पोट आवळायचं, छातीत श्वास कोंडायचा, दर तीन सेकंदांनी झटकन सोडून पुन्हा भरायचा. हेल्मेट आणि मास्क मिळून २ किलो धरले तर ५ जी ला ते १० किलो होतात, म्हणून मान वळण सुरू होण्याआधीच हवी तिकडे वळवून ठेवतात, मध्ये वळवत नाहीत. नजर कडेने राखाडी होत आत मिटत येते. पडदा लाल करू नका, लाल दिसणं उलट्या जी चं. खांदे खाली खेचल्यासारखे दिसायला पट्ट्याखालून दोन वेबिंगच्या पट्ट्या काढून सीटखाली बसलेल्या माणसाच्या हातात द्या. आणि हे श्वास कोंडणं १०-१५ सेकंदांपेक्षा जास्त लांबवू नका, नटाला खरंच चक्कर येते. पत्र्याच्या गाळ्यात, पूर्ण वेशात, दिव्याखाली तर लवकरच येते.

कपड्यांत वेल्क्रोचे रंगीत पॅच काढून टाका, ते आजचे. डिजिटल ठिपक्यांचा गणवेश तर २०२२ चा. हेल्मेट दोन थरांचं: आत कापडी टोपी, वर कडक कवच.

खाडीपार

ड्रोनचं उत्तर राहिलंय म्हणून.

परवानगीच्या आधी भूगोल बघा. बॉयराचा भाग सपाट, भातशेती, पाणथळ, क्षितिजापर्यंत एक टेकडी नाही. तुमच्याकडे कुठेही कॅमेरा वळवा, येऊर नाहीतर पारसिक नाहीतर नागला बंदरच्या पलीकडचे डोंगर फ्रेममध्ये येणार. खाडीची तिवरं वरून भातशेतीसारखी अजिबात दिसत नाहीत. टॉवर आणि उच्चदाबाच्या तारा वेगळ्याच. खालच्या जमिनीची दृश्यं बंगालमधल्या कुणाकडून काढून घ्या, इथून फक्त ढग घ्या.

ढगांसाठीही ड्रोन उडवायचाच असेल तर डिजिटल स्काय या सरकारी ड्रोन संकेतस्थळाचा नकाशा उघडून आधी पिन टाका. २०२१ च्या नियमांनुसार हिरव्या भागात ४०० फूट, विमानतळाच्या कुंपणापासून ८ ते १२ किमीत २०० फूट, त्याहून जवळ परवानगीशिवाय नाही. नवी मुंबई विमानतळ आल्यापासून खाडीपलीकडचा हिशेब बदललाय, जुने स्क्रीनशॉट वापरू नका. आणि तुमच्या जवळ कोलशेतला हवाई दलाचं स्टेशन आहे, त्या दिशेला कॅमेरासुद्धा नको. अडीचशे ग्रॅमच्या वरचा ड्रोन धंद्याच्या कामाला वापरणार असाल तर उडवणाऱ्याकडे रिमोट पायलटचं प्रमाणपत्र हवं. पोलिसांचे तात्पुरते बंदीहुकूमही निघत असतात, त्यामुळे स्थानिक ठाण्यात आधी पत्र द्या.

गणवेशाचंही. नट गणवेशात गाळ्याबाहेर चहाला जाऊ नये. लोकांना आपण खरे सैनिक वाटावं या हेतूने गणवेश घालणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १६८ खाली गुन्हा आहे. तुमचा तसा हेतू नसतो हे खरं, पण ते नाक्यावर समजावत बसावं लागतं. वर साधा शर्ट चढवा. आणि सैन्यदलांवरच्या चित्रपटांना संरक्षण मंत्रालयाची एनओसी घ्यावी असं मंत्रालयाने २०२० मध्ये सेन्सॉर बोर्डाला कळवलेलं आहे. शूटिंग संपल्यावर नाही, संहिता पक्की झाल्या झाल्या अर्ज करा.

कासारवडवली_कॅमेरा

सगळ्यांचे आभार. हायड्रॉलिक रद्द केलं, वेल्डर नाराज आहे. ढग गाळ्याच्या गच्चीवरून साध्या कॅमेऱ्याने घेतो. एकच शंका उरली: चौघांची नावं खरी ठेवावीत का? आणि सल्लागारांना मानधन कसं ठरवतात, दिवसावर की एकरकमी?

रेडिओ_गप्प

नावं खरी ठेवायची तर संवादही नोंदींना धरून हवेत, आणि त्या-त्या कुटुंबाला संहिता दाखवायला हवी. घरचे प्रसंग, भांडणं, प्रेमपत्रं कल्पनेने लिहिणार असाल तर नावं बदला, स्क्वाड्रनचा क्रमांक बदला, आणि "बॉयराच्या लढतीवर आधारित" एवढंच लिहा.

मानधन टप्प्यांवर ठरवा: संहितेच्या दोन वाचनांचं एक, तालमीचं एक, संकलन पाहण्याचं एक, सेटवरचा दिवस वेगळा. कागदावर दोन गोष्टी हव्यात. त्यांनी काढलेली चूक तुम्ही मुद्दाम ठेवणार असाल तर ती त्यांना प्रदर्शनाआधी कळवायची, आणि तरीही त्यांना पटलं नाही तर श्रेयनामावलीतून नाव काढून घ्यायचा हक्क त्यांचा. त्यांचे जुने सहकारी ते नाव वाचणार असतात, त्यामुळे या दुसऱ्या कलमाला ते पैशापेक्षा जास्त जपतील. संहिता पाठवताना पीडीएफ नको. मोठ्या अक्षरात छापून, ओळींत भरपूर जागा सोडून, एका बाजूलाच छापलेली द्या आणि सोबत लाल पेन.